हनोईची साडेसहा तासांची टूर: गाईडला पाच तारे, कंपनीला दोन

आधी पैशांचं सांगते, कारण दुसऱ्यांचे रिव्ह्यू वाचताना मी स्वतः तेच शोधत असते. माणशी साडेनऊ लाख डोंग, हे व्हिएतनामचं चलन. आकडा बघून यांना घाम फुटला होता, पण आपल्या हिशेबात ते साधारण ३,२०० रुपये होतात. त्यात हॉटेलवरून नेणं-आणणं, तिकिटं, दुपारचं जेवण आणि इंग्रजी बोलणारी गाईड. सकाळी आठ ते दुपारी अडीच. आम्ही तिघं होतो: मी, हे आणि माझ्या वन्सं. मार्चचा पहिला आठवडा, शुक्रवार. या शुक्रवाराचं पुढे सांगते, ते महत्त्वाचं आहे.

कंपनीचं नाव लिहीत नाही. भाच्यानं मोबाईलवरून बुकिंग केलं होतं आणि तिथे याच नमुन्याच्या वीसेक टूर दिसत होत्या. फोटोही सगळीकडे तेच, तोच लाल पूल. त्यामुळे मी लिहितेय ते बहुधा त्यातल्या निम्म्यांना लागू पडेल.

आठला घेणार म्हणाले आणि आठला आलेही. पण आम्ही पहिले. मग सोळा सीटची गाडी जुन्या शहराच्या बोळांतून एकेका हॉटेलसमोर थांबत पन्नास मिनिटं फिरली. बाहेर बारीक भुरभुर. पाऊस म्हणावा तर छत्री उघडावीशी वाटत नाही, आणि नाही म्हणावं तर चष्मा पुसून पुसून पदर ओला. या पावसाला त्यांच्याकडे वेगळं नाव आहे आणि तो याच दिवसांत पडतो, असं गाईडनं सांगितलं. आमच्या कोल्हापुरात आषाढात होतं तसंच, फक्त भजी नाहीत.

गाईड मुलगी पंचविशीची असेल. गाडीत चढल्या चढल्या तिनं प्रत्येकाला वय विचारलं. मागच्या सीटवरच्या गोऱ्या बाई जरा आखडल्या. मग तिनं समजावलं की व्हिएतनामी भाषेत समोरच्याचं वय कळल्याशिवाय बोलताच येत नाही. ‘तू’ आणि ‘तुम्ही’च्या जागी नातीच वापरतात: ताई, दादा, आत्या, काका, आजी. चुकीचं नातं लावलं तर अपमान. वन्सं पटकन म्हणाल्या, “मग यात समजावण्यासारखं काय आहे?” आम्ही रिक्षावाल्याला मामा आणि भाजीवालीला मावशी म्हणणारी माणसं. वन्संचं वय अडुसष्ट ऐकल्यावर तिनं त्यांना थेट आजीच केलं. वन्सं गप्प बसल्या.

पहिला थांबा साहित्य मंदिर, व्हान मिएउ. मी पैसे वसूल झाले म्हणते ते या एका थांब्यामुळे. १०७० साली चिनी तत्त्वज्ञ कन्फ्यूशियससाठी बांधलेलं मंदिर, आणि सहाच वर्षांनी, १०७६ मध्ये, आवारात राजघराण्याची शाळा निघाली. पुढे सामान्यांची हुशार मुलंही तिथे शिकायला लागली. एकामागून एक पाच चौक आहेत. दुसऱ्या चौकाच्या टोकाला खुए व्हान काक नावाचा लाल लाकडी मनोरा आहे. गाईडनं एक लाखाची नोट काढून त्याच्यासमोर धरली, नोटेवर हीच जागा आहे. तोपर्यंत आमच्याकडच्या नोटा आम्ही नुसत्या शून्यं मोजण्यापुरत्याच पाहिल्या होत्या.

मनोऱ्याच्या पलीकडे चौकोनी तळं आणि तळ्याच्या दोन बाजूंना छपराखाली दगडी कासवं. प्रत्येक कासवाच्या पाठीवर माणसाएवढी किंवा त्याहून उंच शिळा, आणि शिळेवर बारीक अक्षरांत नावंच नावं. १४४२ ते १७७९ या काळात राजधानीतली सर्वोच्च परीक्षा पास झालेल्यांची ही यादी. अशा ८२ शिळा आज शिल्लक आहेत, त्यांवर तेराशेहून अधिक नावं. शिळा कोरायला सुरुवात झाली १४८४ मध्ये, म्हणजे आधीच्या परीक्षांचे निकाल मागाहून दगडावर चढवले. नावासोबत गावही लिहिलेलं.

आता माझं सांगते. मी एकतीस वर्षं दहावी-बारावी बोर्डाच्या कार्यालयात काढली. उत्तरपत्रिकांचे गठ्ठे, बैठक क्रमांक, गुणपडताळणीचे अर्ज आणि निकालानंतर खिडकीसमोर लागणारी पालकांची रांग. त्यातले निम्मे नावातली चूक दुरुस्त करायला आलेले असायचे. वडिलांच्या नावात काना राहिला, आडनावात ‘ळ’चा ‘ल’ झाला. त्यामुळे इतर लोक कासवांचे फोटो काढत होते तेव्हा माझ्या डोक्यात एकच प्रश्न: दगडावर नाव चुकलं तर दुरुस्तीचा अर्ज कुठे करायचा? मी तो गाईडला विचारलाही. ती आधी हसली. मग म्हणाली की हा प्रश्न तिला आजवर कुणी विचारला नव्हता, आणि तिला उत्तर माहीत नाही. मला ते आवडलं. दुसऱ्या एखाद्यानं तिथल्या तिथे काहीतरी रचून सांगितलं असतं.

शिळांवर मजकूर चिनी लिपीत आहे आणि तो तिलाही वाचता येत नाही. तिथे आता सगळं रोमन अक्षरांत लिहितात, वर-खाली टिंबं आणि टोप्या घालून. ही लिपी सतराव्या शतकात ख्रिस्ती धर्मोपदेशकांनी घडवली आणि विसाव्या शतकात तीच सगळीकडे रुळली. तिच्या पणजोबांच्या हातची कागदपत्रं घरात आहेत, पण ती वाचायला माणूस शोधावा लागतो, असं ती म्हणाली. मी तिला म्हटलं, आमच्याकडेही तसंच. सासऱ्यांच्या पेटीत मोडीतले जमिनीचे कागद आहेत, वाचणारा माणूस पानाप्रमाणे पैसे घेतो. त्यावर ती थांबली आणि मोडी म्हणजे काय ते तिनं नीट विचारून घेतलं. मागची मंडळी खोळंबली होती, तरी.

पूर्वी परीक्षेच्या आधी मुलं येऊन कासवाच्या डोक्यावरून हात फिरवायची. डोकी झिजून गुळगुळीत झालीत, ते लांबूनही दिसतं. आता मध्ये कठडा आहे. एका शिळेवर म्हणे असं कोरलंय की गुणी माणसं म्हणजे राष्ट्राचा प्राण. खरं असेल. पण त्या तेराशेंमध्ये बाई एकही नाही, बायकांना परीक्षेलाच बसू देत नसत. हे तिनं आपणहून सांगितलं, आणि त्याच वेळी पलीकडे पदवीचा फोटो काढायला आलेल्या आओ याय, म्हणजे त्यांचा पारंपरिक लांब पोशाख, घातलेल्या पंधरा-वीस मुली पायऱ्यांवर उभ्या होत्या. आमच्या खिडकीवरही गुणवत्ता यादीच्या काळात पहिल्या येणाऱ्या मुलींचेच फोटो पेपरवाले मागायचे.

या ठिकाणी सव्वा तास मिळाला. मला अडीच हवे होते.

आता शुक्रवार. कंपनीच्या जाहिरातीत ठळक लिहिलं होतं: ‘हो ची मिन्ह समाधी’, म्हणजे त्यांच्या स्वातंत्र्यलढ्याच्या नेत्याची. समाधी सोमवारी आणि शुक्रवारी बंद असते. हे काही गुपित नाही, दारावरच पाटी आहे. आम्ही शुक्रवारचं बुकिंग केलं आणि कंपनीनं मुकाट्यानं पैसे घेतले. गाडी बा दिन्ह चौकात थांबली, समोर करड्या दगडाची ती भलीमोठी चौकोनी इमारत, पांढऱ्या गणवेशातले पहारेकरी, आणि आम्ही पावसात रस्त्याच्या अलीकडे. गाईडचा चेहरा उतरला होता. २ सप्टेंबर १९४५ ला याच चौकात स्वातंत्र्याची घोषणा झाली, हो ची मिन्ह यांनी स्वतःच्या देहाचं दहन करा असं लिहून ठेवलं होतं आणि तरीही १९७५ पासून तो आत जपून ठेवलाय, हे तिनं छान सांगितलं. पण बघायला मिळालं ते बाहेरून. वीस मिनिटांत निघालो. शेजारचा एकखांबी पॅगोडा पाहिला. मूळचा १०४९ चा, फ्रेंचांनी जाता जाता १९५४ मध्ये उडवलेला आणि पुढच्याच वर्षी परत उभारलेला. फोटोत मोठा दिसतो, प्रत्यक्षात तुळशीवृंदावनाचा थोरला भाऊ.

इथेच यांनी तो प्रश्न विचारला. मला माहीत होतं विचारणार. व्हॉट्सॲपवर वर्षानुवर्षं फिरतंय की व्हिएतनामनं शिवाजी महाराजांचा आदर्श घेऊन अमेरिकेला हरवलं. हे गाईडला म्हणाले, “तुमच्याकडे महाराजांचं नाव सगळ्यांना माहीत असेल ना?” ती गोंधळली. नाही म्हणाली, पण अदबीनं. मग तिनं त्यांचे सेनापती ट्रान हुंग दाओ यांचं सांगितलं: १२८८ मध्ये बाक दांग नदीच्या पात्रात टोकदार खांब रोवून ठेवले, ओहोटी लागल्यावर मंगोलांची जहाजं त्यांवर अडकली. आणि जनरल झाप यांचं: मूळचे इतिहासाचे मास्तर, १९५४ मध्ये फ्रेंचांविरुद्ध दिएन बिएन फूच्या डोंगरांवर तोफा माणसांकरवी ओढून चढवल्या. यांचा चेहरा खुलला. “हाच तर गनिमी कावा,” म्हणाले. फॉरवर्ड खोटा निघाल्याचं दुःख तिथेच संपलं. मी मात्र कुटुंबाच्या ग्रुपवर लगेच कळवलं.

तिसरा थांबा चान क्वोक पॅगोडा. पश्चिम सरोवरात जरासा आत गेलेला, मुळात सहाव्या शतकातला. इथे एक पिंपळ आहे. बोधगयेच्या बोधिवृक्षाचं रोप १९५९ मध्ये राजेंद्रबाबू राष्ट्रपती असताना भेटीला आले तेव्हा घेऊन आले होते, त्याचा आता भला वृक्ष झालाय. वन्संनी खाली पडलेलं एक पान उचललं, आपल्याच पदराला पुसलं आणि पर्समधल्या पोथीत ठेवलं. बाकी काही बोलल्या नाहीत. दिवसभरात त्या गप्प होत्या अशा दोनच वेळा, एक ही आणि एक आजी म्हटल्यावरची.

त्यानंतर जे झालं त्यासाठी मी एक तारा कापलाय. कार्यक्रमपत्रिकेत ‘पारंपरिक हस्तकला’ होतं, ते म्हणजे लाखकामाचं दुकान. दारात दोन मुली बसून बदकाच्या अंड्याच्या कवचाचे तुकडे चिमट्यानं एकेक करून काळ्या रंगावर चिकटवत होत्या. ते खरोखर बघण्यासारखं. सावंतवाडीला चितारी लोकांचं काम पाहिलेलं असल्यामुळे मी पाच मिनिटं तिथेच रेंगाळले. उरलेली पंचेचाळीस मिनिटं मात्र आमच्या मागे एकेक विक्रेती. कासवांना सव्वा तास आणि दुकानाला पाऊण! वन्संनी एक डबी घेतली, घासाघीस करून. बाहेर आल्यावर जुन्या शहरात तीच डबी निम्म्या किमतीला दिसली. ते मी त्यांना दाखवलं नाही.

जेवणाचं वन्संमुळे लक्षात राहिलं. गाईडनं विचारलं, “आजी, चाय?” वन्संचा जीव भांड्यात पडला, सकाळपासून चहाच्या नावानं नुसतं हिरवं पाणी मिळत होतं. जोरात मान हलवली. आला तो टोमॅटोच्या रश्श्यातला टोफू, लसूण घालून परतलेली नाळीची भाजी आणि भात. व्हिएतनामीत ‘चाय’ म्हणजे शाकाहारी! शाकाहारी वाचकांनी हा एक शब्द पाठ करून जावा, पण सोबत ‘नुओक माम नको’ हेही गाईडकडून वदवून घ्यावं. तो माशाचा सॉस आहे आणि भाजीत सहज पडतो. आमच्या गाईडनं स्वयंपाकघरात जाऊन खात्री केली. जेवण चांगलं होतं, वन्संनी भात दोनदा घेतला.

शेवटी होआन किएम तळं. लाल पूल, पलीकडे न्गोक सन मंदिर, आणि ले लोई राजाची दैवी तलवार परत घेऊन जाणाऱ्या कासवाची गोष्ट. मंदिरात काचेच्या पेटीत दोन खरी महाकाय कासवं जतन करून ठेवलीत, एक १९६७ मध्ये मेलेलं आणि एक २०१६ मध्ये. गर्दी इतकी की नीट उभंही राहता येईना. त्यापेक्षा समोरचा रस्ता ओलांडणं जास्त लक्षात राहिलं. शेकडो स्कूटर. गाईडनं वन्संचा हात धरला आणि सांगितलं की थांबायचं नाही, पळायचं नाही, मागे तर अजिबात वळायचं नाही. एकाच चालीनं चालायचं, ते आपल्याला वळसा घालून जातात. खरंच जातात.

तिनं आम्हाला वेळापत्रकात नसलेली अंड्याची कॉफी पाजली, स्वतःच्या पैशांनी. शुक्रवारची भरपाई असावी. १९४६ च्या सुमारास दूध मिळेना म्हणून एका हॉटेलातल्या कामगारानं अंड्याचा बलक फेसून त्याच्या जागी घातला, तिथून ही निघाली. वाटी गरम पाण्याच्या बशीत ठेवून देतात. हे म्हणाले, बासुंदीत कॉफी. वन्संनी वासही घेतला नाही.

तर सल्ला इतकाच: मंगळवार, बुधवार किंवा गुरुवार धरा, अर्ध्या दिवसाचीच टूर घ्या, आणि बुकिंग करतानाच दुकान वगळा म्हणून लिहून मागा. टिप मी तिला दोन लाख दिली, यांना विचारून नव्हे.

निघताना तिनं फोनवर अभिप्रायाचा फॉर्म दिला आणि हळूच म्हणाली, “शुक्रवारचं तुम्हीच लिहा, मी सांगून काही होत नाही.” मी लिहिलं. वार, वेळ, दारावरची पाटी, सगळं मुद्देसूद, एकतीस वर्षं टिपणं लिहिलेल्या माणसासारखं. कोल्हापूरला पोचल्यावर कंपनीचं उत्तर आलं: अभिप्रायाबद्दल आभार, पुढच्या टूरवर दहा टक्के सूट. शुक्रवारबद्दल एक शब्द नाही.