बर्डीवरच्या गेमवाल्याला पाच स्टार, हेल्पलाइनला एक (तोही नाइलाजानं)

पैसे पूर्ण भरले, मेसेज आला, पावती आली, आणि गेम म्हणे ट्रायल. ऐन मे महिन्यात नऊ दिवस माझ्या घरी हेच चालून राहिलं होतं, म्हणून हा रिव्ह्यू जरा लांब होणार आहे, ज्याला घाई असेल त्यानं वरचं टायटल वाचून पुढे जावं.

झालं असं की भाचा सुट्ट्यांत वर्ध्याहून आला, आल्या आल्या माझ्या कन्सोलवर (टीव्हीला जोडून गेम खेळायचा डबा) स्वतःचं प्रोफाइल बनवलं आणि एका फुटबॉलच्या गेमचं १० तासांचं ट्रायल उतरवलं. आता १० तास म्हणजे किती हो, नागपूरच्या उन्हात पोरांना बाहेर सोडता येत नाही, कूलरसमोर चटई टाकून पोट्ट्यानं दोन दिवसांत संपवलं. मग दिवसभर मामा, मामा, मामा. शेवटी मी बर्डीवरून, म्हणजे आमच्या सीताबर्डीच्या बाजारातून, ५,००० चा वॉलेट कोड (गेमच्या खात्यात पैसे भरायचा नंबर) आणला, रात्री मोबाइलच्या ॲपमध्ये माझ्या अकाउंटला टाकला आणि ४,९९९ चा गेम घेतला. उरलेला एक रुपया अजून तसाच पडून आहे, त्याचं काय करायचं कोणी सांगेल तर बरं.

सकाळी पोट्टा गेम लावतो तर स्क्रीनवर तेच, ट्रायलची वेळ संपली, पूर्ण गेम विकत घ्या, खाली बटण, बटणावर किंमत ४,९९९. मी म्हटलं रात्रीचं पेमेंट आहे, थांब थोडं, होईल अपडेट. संध्याकाळपर्यंत नाही झालं. माझ्या स्वतःच्या प्रोफाइलवरून लावून पाहिलं तर तिथेही तेच ट्रायल. बायको म्हणाली परत एकदा दाब ना ते बटण, कदाचित अडकलं असेल. खरं सांगतो, बोट बटणापर्यंत गेलं होतं. वॉलेटमध्ये एकच रुपया होता म्हणून वाचलो.

आता हेल्पलाइन. कंपनीचं नाव घेत नाही. आधी बॉट, मग माणूस, तो पण इंग्रजीतून, आणि दर वेळी नवीन माणूस. कन्सोल बंद करून सुरू केला का? केला. इंटरनेट आहे का? अहो, त्याच इंटरनेटवरून तुमच्याशी बोलून राहिलो ना. मग म्हणे गेम डिलीट करून परत उतरवा. आता हा गेम ५० जीबीच्या वरचा, रात्रभर लावून ठेवला, पहाटे लाइट गेली, सकाळी राऊटर परत सुरू केला, दुपारी कुठे पूर्ण झाला, उघडला तर ट्रायल. तिसऱ्या वेळी ज्या बाई भेटल्या त्या फार गोड बोलल्या, म्हणाल्या की आमच्या सिस्टिममध्ये तुमची खरेदी पूर्ण दिसतेय, आमच्या बाजूनं काहीच प्रॉब्लेम नाही, अजून काही मदत हवी आहे का? चॅट बंद व्हायच्या आधीच, आमच्या सेवेला किती तारे द्याल, असा मेसेज. मजा म्हणजे त्यांचं बोलणं शंभर टक्के बरोबर होतं, पण ते नंतर कळलं, आणि बरोबर असून काही उपयोगाचं नव्हतं म्हणूनच एक तारा.

नवव्या दिवशी कन्सोल उशीच्या अभ्र्यात गुंडाळला, तोंडाला दुपट्टा बांधला, सुभाष नगरहून मेट्रो धरली आणि झाशी राणी चौकात उतरून बर्डीवर त्याच दुकानात गेलो जिथून कोड घेतला होता. खरं तर भांडायला गेलो होतो, मला वाटलं कोडच बोगस दिला. दुकान म्हणजे गल्लीतला एक गाळा, दोन माणसं उभी राहिली की तिसऱ्यानं बाहेर थांबावं. काउंटरवर दोन कंट्रोलर पोट फाडून पडलेले, बाजूला सोल्डरिंगची गन, आणि संत्रा बर्फीच्या रिकाम्या डब्यात सगळे स्क्रू. दुकानवाल्या भाऊच्या तोंडात खर्रा (सुपारी-तंबाखू), त्यामुळे अर्धं बोलणं अंदाजानं समजून घ्यावं लागतं.

मी पाच मिनिटं भडाभडा बोललो. त्यानं ऐकलं आणि एकच विचारलं, "घेतला कोन्या आयडीवरून?"

"माझ्या."

"अन् खेळून कोन राहिला?"

"भाचा. त्याच्या प्रोफाइलवरून."

तो उठला, बाहेर जाऊन थुंकून आला, म्हणजे मामला महत्त्वाचा. "मंग त्याले काहून दिसन फुल गेम? मेट्रोचं कार्ड तुमच्या खिशात, अन् पोट्टा गेटवर रिकामा हात लावून राहिला."

नऊ दिवसांत हेल्पलाइनवर हा प्रश्न एकानंही विचारला नाही. गेम आपण "विकत घेतो" म्हणतो पण घेतो ते लायसन्स, म्हणजे खेळायची परवानगी, आणि ते अकाउंटला चिकटलेलं असतं, घरातल्या डब्याला नाही. अमेरिकेत कॅलिफोर्नियामध्ये तर १ जानेवारी २०२५ पासून कायदाच लागू आहे की डिजिटल माल विकताना हे लायसन्स आहे असं गिऱ्हाइकाला स्पष्ट सांगा. आपल्याकडे बर्डीवरचा भाऊ सांगतो.

त्यानं कन्सोल त्याच्या छोट्या टीव्हीला लावला. भाच्याच्या प्रोफाइलवरून स्टोअरमध्ये गेमचं पान उघडलं, तिथे किंमत. माझ्या प्रोफाइलवरून तेच पान उघडलं, तिथे किंमत नाहीच, त्या जागी डाउनलोड. हे पाहून ठेवा, ज्या प्रोफाइलला किंमत दिसते त्याच्या नावावर गेम नाही, तिथे परत पैसे भरू नका बाप्पा.

मग माझ्या प्रोफाइलवरून ट्रायल का येत होतं? तर होम स्क्रीनवरचा तो चौकोन ट्रायलचाच होता. ट्रायल आणि पूर्ण गेम आमच्या कन्सोलवर दोन वेगळ्या वस्तू आहेत, चित्र तेच, नाव तेच, खाली बारीक अक्षरात ट्रायल. पूर्ण गेम मी उतरवलाच नव्हता, आणि हेल्पलाइनच्या सांगण्यावरून रात्रभर जागून जो परत उतरवला तो भाच्याच्या प्रोफाइलवरून, म्हणजे परत ट्रायलच. भैताडासारखं ५० जीबी वाया घातले. भाऊनं जुना चौकोन उडवला, माझ्या प्रोफाइलवरून पूर्ण गेम दुकानाच्या वायफायवर लावला, तोवर मी मेन रोडवर उसाचा रस पिऊन आलो, दोन ग्लास, ऊनच तसं होतं.

परत आलो तर माझ्या प्रोफाइलवर गेम झकास सुरू, भाच्याच्या मात्र कुलूप. मी म्हटलं भाऊ, खेळणार तर तोच आहे. त्यानं सेटिंग उघडून दाखवलं की हा कन्सोल माझा मुख्य कन्सोल नाहीच आहे. मुख्य कन्सोलवर मालकाचे गेम बाकी प्रोफाइलवाल्यांनाही खेळता येतात, दुसरीकडे फक्त मालकाला, तेही लॉगिन करून. माझा मुख्य कोणता, तर दोन वर्षांपूर्वीचा जुना, जो मी साळ्याला अमरावतीला जसाच्या तसा देऊन टाकला होता, ना रिसेट केला ना काही. भाऊनं तिथल्या तिथे हा मुख्य केला, भाच्याचं प्रोफाइल उघडलं, गेम सुरू. पंधरा मिनिटांचं काम.

बाकीच्यांसाठी सांगून ठेवतो. पीएस५ (प्लेस्टेशन ५) वर मुख्य कन्सोलची ही सेटिंग कन्सोल शेअरिंग अँड ऑफलाइन प्ले या नावानं आहे, आणि घेतलेल्या गेमवर कुलूप दिसत असेल तर यूझर्स अँड अकाउंट्स, मग अदर, त्यात रिस्टोअर लायसन्सेस एकदा करून पाहा. एक्सबॉक्स या दुसऱ्या कन्सोलवर तिला होम एक्सबॉक्स म्हणतात आणि ते वर्षातून ५ वेळाच बदलता येतं, तेव्हा उगाच इकडून तिकडे करत बसू नका. स्टीमवाल्यांनी (म्हणजे कॉम्प्युटरवर त्या ऑनलाइन दुकानातून गेम घेणाऱ्यांनी) आपल्या गेमच्या यादीत, लायब्ररीत पाहावं, डेमोची, म्हणजे नमुन्याच्या गेमची, नोंद वेगळी असते, गेम घेतल्यावरही आपण सवयीनं डेमोच उघडत राहतो. स्टीमवर निदान १४ दिवसांच्या आत आणि २ तासांपेक्षा कमी खेळलं असेल तर पैसे परत मागता येतात, प्लेस्टेशनवर एकदा डाउनलोड सुरू केलं की सहसा विसरा.

भाऊनं घेतले १५० रुपये. मी दोनशे देत होतो तर पन्नास परत केले, वर ऐकवलं की डिस्कवाला कन्सोल घेतला असता तर हे लफडंच नसतं, डिस्क टाकली की कोणीही खेळा, जुनी झाली की माझ्याकडे आणून बदलून घ्या. माझा विनाडिस्कचा, स्वस्तात पडला म्हणून घेतला, त्यामुळे गप्प ऐकून घेतलं. दुकानात खोटही आहे, नाही असं नाही. कोडचं बिल देत नाही, कागदाच्या चिटोऱ्यावर लिहून देतो, मागितलं तरच शिक्का मारतो. गाडी लावायला जागा नाही, मेट्रोनं जा. आणि घाईत असला तर तुसडा बोलतो. तरी पाच.

त्याच रात्री साडेनऊला अमरावतीहून साळ्याचा फोन. "भाऊजी, दोन वर्षं झाले, सारे गेम मस्त चालून राहिले होते, आज एकदम सगळ्यायले कुलूप लागलं, म्हणते विकत घ्या. तुमच्या नागपुरात कोनी ओळखीचा आहे काय पाहणारा?"

दुकानाचा नंबर पाठवून दिला.