साडेचारशेचं विजेचं किट: बल्ब तीन, उत्तरं आधीच छापलेली

जूनमध्ये शाळा सुरू झाल्या झाल्या बेळगावच्या गणपत गल्लीतल्या एका दुकानातून थोरलीसाठी हे किट घेतलं. छापील किंमत ४८०, घासाघीस करून ४५०. ती यंदा दहावीला आहे, मराठी माध्यम, कर्नाटक बोर्ड. विजेचा धडा तिला पाठ येतो पण कळत नाही, असं तिचंच म्हणणं.

माझं खानापूर रोडला मोटर रिवायंडिंगचं दुकान. बीएस्सीचं पहिलं वर्ष करून सोडलं आणि वडिलांच्या जागी बसलो, त्याला २३ वर्षं झाली. नंदगड, जांबोटीकडच्या पंपाच्या मोटरी माझ्याकडे येतात. तेव्हा विजेचं किट मी नाही तपासायचं तर कुणी?

डब्यात काय काय आहे ते आधी सांगतो. टॉर्चचे तीन बल्ब, होल्डरसकट. दोन पेन्सिल सेलचा खोका, सेल आपले आपण घालायचे. एक दाबाचं बटण, सहा क्लिपवाल्या वायरी, वीतभर नायक्रोम तार (हीटरमध्ये असते ती), एक होकायंत्र आणि २४ पानांचं इंग्रजी पुस्तक. क्लिपा चांगल्या, दात घट्ट बसतात. सेलच्या खोक्याची स्प्रिंग मात्र पहिल्या आठवड्यातच बसली. मी दुकानातली दुसरी घातली. ज्यांचं दुकान नाही त्यांनी काय करायचं?

खरी गोची बल्बांची. तीन बल्ब सिरीजला लावले तर एक ठळक, दोन मंद. (शाळेच्या पुस्तकात एकसर आणि समांतर, आमच्या दुकानात सिरीज आणि पॅरलल. सिरीज म्हणजे एकामागे एक, एकाच वाटेत; पॅरलल म्हणजे प्रत्येकाची वाट वेगळी.) एकाच डब्यातले, पण एका लॉटचे नव्हेत. योगायोग असा की ठळक पेटणारा बल्ब सेलच्या प्लसजवळ लागला होता. थोरली लगेच म्हणाली, "बघा पप्पा, पहिल्यानं जास्त करंट खाल्ला. मागच्यांना उरलासुरला."

मी काही न बोलता पहिला आणि तिसरा बल्ब आपसात बदलला. ठळकपणा बल्बाबरोबर तिसऱ्या जागी गेला. ती गप्प झाली. मी घरात नसतो तर काय झालं असतं, हा विचार आला. करंट वाटेत खर्च होतो ही समजूत पोरांच्या डोक्यात आधीपासून असते आणि या किटनं तिलाच पुरावा दिला असता. मी मग खोकी उघडून उघडून सारखे पेटणारे पाच बल्ब हुडकून आणले. आता सगळीकडे एलईडी, त्यामुळे टॉर्चचा तारेचा बल्ब मिळता मिळत नाही. एलईडी इथं चालत नाही. तो एकाच बाजूनं करंट घेतो आणि ठराविक व्होल्टेजच्या खाली पेटतच नाही.

पण सगळ्यात जास्त राग आला तो पुस्तकाचा. प्रत्येक पानावर जोडणीचं चित्र आणि त्याखालीच निकाल. ‘बल्ब मंद पेटतील.’ ‘बल्ब ठळक पेटतील.’ पोरगी वायरी जोडते, बघते, टिक मारते, पान उलटते. सव्वा तासात अकरा प्रयोग उरकले. दुसऱ्या दिवशी त्यातलंच एक विचारलं तर उत्तर उलटं.

माझा भाचा कोल्हापूरला कॉलेजात फिजिक्स शिकवतो. त्याच्याशी फोनवर बोललो तर तो हसायला लागला. म्हणाला, "मामा, यावर संशोधन झालंय." अमेरिकेत हार्वर्ड विद्यापीठात एरिक मेझर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी वर्गातल्या प्रात्यक्षिकांची परीक्षा घेतली, २००४ साली ती छापून आली. ज्यांनी प्रयोग नुसता बघितला, ते प्रयोग न बघितलेल्यांपेक्षा फारसे पुढे नव्हते. ज्यांना प्रयोगाआधी ‘काय होईल सांगा’ असं विचारलं होतं, ते पुढे गेले. प्रयोग तोच, फरक काय तो विचारण्याचा.

मग मी पुस्तकातल्या सगळ्या निकालांवर मोटरीच्या स्लॉटमध्ये घालतो त्या कागदाच्या पट्ट्या चिकटवल्या. नियम असा की पाटीवर अंदाज लिहिल्याशिवाय बटण दाबायचं नाही.

पहिल्याच संध्याकाळी माझीच जिरली. भाच्यानं सांगितलेली जोडणी अशी: एक बल्ब सिरीजला, त्याच्यापुढे दोन बल्ब एकमेकांना पॅरलल. त्या दोनांतला एक काढला तर पहिल्याचं काय होईल? थोरलीनं लिहिलं, ‘तेवढाच पेटेल, सेल तोच आहे.’ दुकानात काम शिकायला येणारा पोरगा कन्नड घरातला, तो म्हणाला, "जोरात पेटतोय बगा अण्णा, खाणारा एक कमी झाला." आई म्हणाली, सगळेच विझतील, गणपतीतल्या माळेगत. आणि माझ्या तोंडून निघालं, "तेवढाच राहणार." बटण दाबलं, बल्ब काढला. पहिला बल्ब मंद झाला, उरलेला दुसरा ठळक झाला आणि दोघं सारखे पेटायला लागले.

"पप्पा, तुम्हीपण चुकला की!"

चुकलो. आणि गंमत अशी की हीच गोष्ट मी दिवसातून दहा वेळा करतो. दुकानात सिरीज बोर्ड आहे, २०० वॅटचा बल्ब मोटरीच्या वाटेत लावलेला. कॉईल शॉर्ट असेल तर बल्ब लख्ख पेटतो, कॉईल धड असेल तर मिणमिणतो. पुढची वाट अवघड झाली की एकूण करंटच कमी होतो आणि मागचा बल्बही मंदावतो. दोन वाटांतली एक बंद केली म्हणजे पुढची वाट अवघडच केली. हाताला माहीत होतं, तोंडाला नव्हतं. मी थोरलीला दुकानात नेऊन बोर्डावर एक धड आणि एक जळकी मोटर लावून दाखवली, अर्थात आधी पाटीवर लिहून घेऊन.

सेल म्हणजे ठराविक करंट सोडणारी टाकी, ही चूक एकट्या आमच्या घरातली नाही, असं भाच्यानं सांगितल्यावर जरा बरं वाटलं. सिॲटलच्या वॉशिंग्टन विद्यापीठात लिलियन मॅक्डरमॉट आणि पीटर शॅफर यांनी १९९२ साली हे सगळं नीट मांडलं. त्यांचा पाच बल्बांचा प्रश्न प्रसिद्ध आहे. एका सेलवर एक बल्ब, तशाच दुसऱ्यावर दोन सिरीजला, तिसऱ्यावर दोन पॅरललला. ठळकपणाचा क्रम लावा. एकटा बल्ब आणि पॅरललचे दोन सारखे, सिरीजचे दोन मंद. कॉलेजात वीज शिकणाऱ्या हजाराहून जास्त मुलांना विचारलं, बरोबर आले जेमतेम १५ टक्के. शिकवून झाल्यावर विचारलं तरी तीच गत. आणि आमच्या किटात बल्ब तीन! हा प्रश्न जोडायचा तर पाच लागतात.

मी जोडला, माझ्या बल्बांवर. तर पॅरललचे दोन एकट्यापेक्षा किंचित मंद. थोरली म्हणाली उत्तर चुकलं. उत्तर बरोबर होतं, सेल जुने होते. सेलच्या पोटातही रोध, म्हणजे करंटला अडथळा, असतो, जास्त करंट ओढला की व्होल्टेज आतच पडतो. एप्रिलमध्ये मलप्रभेकाठी सगळे पंप एकदम सुरू झाले की घरातले दिवे पिवळे पडतात, त्याच जातीचं हे. पुस्तकात याबद्दल एक ओळ नाही.

भाच्यानं मग मोबाइलवर फेट (PhET) दाखवलं, म्हणजे पडद्यावर करायचे प्रयोग, सिम्युलेशन्स. कोलोरॅडो विद्यापीठाचं आहे, नोबेल मिळालेल्या कार्ल वीमन यांनी २००२ मध्ये सुरू केलं. पैसे लागत नाहीत. बरीचशी सिम्युलेशन्स मराठीत आहेत, कन्नडमध्येही आहेत. त्यातल्या सर्किटच्या सिम्युलेशनमध्ये सेल ९ व्होल्टचा, बल्ब १० ओहमचा. आमचीच तीन बल्बांची जोडणी केली, ॲमीटर लावला. पहिल्या बल्बातला करंट ०.६० अँपिअर, एक बल्ब काढल्यावर ०.४५. पाटीवर भागाकार करून थोरलीनं ताळा जमवला. शॉर्ट केलं की सेलमधून जाळ निघतो, दुकानातल्या पोराला तेच सारखं बघायचं असतं. जोडणीत पेन्सिल, नाणं, एवढंच काय, कुत्रंसुद्धा लावता येतं. सेलचा रोध वाढवायची सोयही आहे, म्हणजे माझे जुने सेल तिथंही बनवता आले.

कोलोरॅडोतच २००५ साली नोहा फिंकेलस्टाइन आणि मंडळींनी दोन गट पाडून बघितलं. सिम्युलेशनवर शिकलेली मुलं खऱ्या वायरींवर शिकलेल्यांपेक्षा सरस ठरली, तीही खरं सर्किट जोडण्यात. हे ऐकून मला आधी पटलं नाही, जन्म तांब्यात गेला माझा. पण आमच्या घरातला हिशोब काढला तर किटाचा निम्मा वेळ ढिली स्प्रिंग आणि बेजोड बल्ब यांच्यामागेच गेला होता. पडद्यावर क्लिप ढिली पडत नाही आणि करंटचे कण चालताना दिसतात. तरी पोराला दुकानात घ्यायचं तर ढिली क्लिप हाताला कळलीच पाहिजे, म्हणून किट मी टाकून दिलेलं नाही.

बाकीच्या वस्तूंचं थोडक्यात. होकायंत्र चालतं, तार जवळ नेली की सुई हलते. नायक्रोम बऱ्यापैकी तापते, पण सेल झटक्यात उतरवते, ती शेवटी लावा.

मार्क पाचपैकी अडीच. पट्ट्या चिकटवल्यावर साडेतीन. घेणार असाल तर दुकानातच सेल घालून तिन्ही बल्ब सिरीजला पेटवून बघा. जागा बदलूनही बघा. बेजोड निघाले तर डबा बदलून मागा, घरी नेल्यावर बल्बाची तक्रार घेत नाहीत. आणि तिथंच दोन बल्ब सुटे मागा. मला दहा रुपयांना एक पडला, होल्डर वेगळा.