बारेस कसा होता ते बघायचंय? मग ब्लुमचं हे पुस्तक घ्या

'सुव्हनीर स्यूर लाफेर', लेखक फ्रेंच समाजवादी नेता लेओं ब्लुम, 1935 चं. हे ड्रेफस प्रकरणाच्या, म्हणजे हेरगिरीच्या खोट्या आरोपात अडकवलेल्या फ्रेंच लष्करातल्या ज्यू अधिकाऱ्याच्या खटल्याच्या, आठवणींचं पुस्तक आहे, मोरिस बारेसचं चरित्र नाही, तेव्हा त्या आशेने मागवू नका. पण बारेस, म्हणजे फ्रेंच राष्ट्रवादाचा बडा लेखक आणि उघड ज्यूद्वेष्टा, तो समोर बसल्यावर कसा वाटायचा हे यातल्या मोजक्या पानांत जेवढं कळतं तेवढं भक्तांच्या गौरवलेखांत कधी कळत नाही.

ब्लुम तेव्हा पंचविशीतला, स्वतः ज्यू, आणि बारेस त्याचा हिरो. नुसता गुरू नाही तर वाट दाखवणारा, आम्ही त्याच्याभोवती जवळपास दरबारच भरवायचो असं तो लिहितो. ड्रेफसच्या खटल्याची फेरतपासणी व्हावी म्हणून सह्या गोळा करायला तो थेट बारेसच्या घरी गेला, हा नाही म्हणणारच नाही अशी खात्री. बारेस आपुलकीने बोलला, ड्रेफसची बाजू घेणाऱ्या कादंबरीकार झोलाच्या धाडसाचं कौतुक केलं, विचार करून कळवतो म्हणाला. मग पत्र आलं, नकाराचं. शंका असेल तर आपण राष्ट्राच्या उपजत भावनेबरोबर, असा सूर. पुढे 1902 मध्ये तर ड्रेफस गद्दारी करू शकतो हे मी त्याच्या वंशावरून ठरवतो, असं बारेसने छापलंच!

ब्लुम हे लिहितोय तेव्हा बारेस जाऊन बारा वर्षं होत आलेली, झोडपायला पूर्ण मोकळीक होती, पण तो घरात कोणी गेल्यासारखं लिहितो. त्याने बारेस सुटत नाही हां, उलट जास्त अडकतो, कारण हा माणूस ना मूर्ख ना उद्धट. 1914 मध्ये समाजवादी नेता जोरेसचा खून झाल्यावर कट्टर विरोधक असूनही बारेस त्याच्या घरी गेला होता, म्हणून मला तरी ब्लुमने रंगवलेला बारेस खरा वाटतो. आणि पुस्तक आल्यावर काही महिन्यांतच, फेब्रुवारी 1936 मध्ये, पॅरिसच्या रस्त्यात राजेशाहीवाद्यांच्या जमावाने ब्लुमलाच रक्तबंबाळ केलं, जूनमध्ये तो पंतप्रधान झाला, हे माहीत असलं की ती पानं अजून टोचतात.

लुसिएँ हेर हा ग्रंथपाल सायकलवर येऊन 'ड्रेफस निर्दोष आहे, माहितीये?' विचारतो तो भाग पण मस्त. फ्रेंच बऱ्यापैकी येत असेल तर वाचून होईल, फक्त एस्तेरहाझी, पिकार वगैरे नावं धडाधड येतात, म्हणून 1894 ते 1906 चा घटनाक्रम आधी बघून घ्या. पाचपैकी चार.