निवेदन की सबटायटल?

बडोद्याच्या दांडिया बाजारातली माझी भाची गुजरातेतल्या छोटा उदेपूरच्या राठवा आदिवासी गावांतल्या वनहक्क दाव्यांवर, म्हणजे कसत असलेल्या वनजमिनीच्या हक्कासाठी केलेल्या अर्जांवर, माहितीपट करतेय. ‘मामा, वरून निवेदन घालू, की लोकांची राठवी बोलीच ठेवून सबटायटल देऊ?’

निवेदन स्वस्त. एक आवाज, एक दुपार. २००६ चा वनहक्क कायदा, १३ डिसेंबर २००५ आधीचा जमिनीचा ताबा, ग्रामसभेचा ठराव, सगळं दोन मिनिटांत उरकतं. सबटायटलला राठवी जाणणारा माणूस हवा, वाक्यावाक्याला थांबायचं. तासाभराच्या फुटेजला आठवडा सहज जातो.

पण फुटेजमधली म्हातारी पिशवीतून दाव्याची पावती काढत जे बोलते, त्यावर आपला आवाज चढवायचा? मला नाही पटत. कायद्यात दुरुस्ती झाली की निवेदन शिळं होतं. तिचं बोलणं नाही.

कॉलेजात कायदा समजावायचा तर निवेदन. ग्रामसभेत दाखवायचं, जपून ठेवायचं, तर राठवीच.