थकलेल्या सिस्टरांनी कुठं राहावं: संघाचा मठ की सामायिक निवास?

वसईत, गोव्यात कितीतरी घरांतली आत्या किंवा मावशी सिस्टर, म्हणजे कॅथलिक संन्यासिनी, झालेली असते. ती थकली की तिच्या धर्मसंघापुढे प्रश्न येतो: शेवटपर्यंत मठातच ठेवायचं, की इतर वृद्ध राहतात अशा निवासात? अमेरिकेतल्या ‘स्कूल सिस्टर्स ऑफ नोत्र दाम’ या संघानं दोन्ही वाटा चालून पाहिल्या आहेत.

मिनेसोटातला मॅनकॅटोचा मठ ही पहिली वाट होती. १९८६ मध्ये संशोधक डेव्हिड स्नोडन यांनी वृद्ध सिस्टरांच्या वार्धक्याचा आणि स्मृतीचा प्रसिद्ध अभ्यास इथंच सुरू केला. पुढे संघाच्या इतर मठांतल्याही मिळून ६७८ जणी त्यात आल्या. मृत्यूनंतर मेंदू संशोधनाला द्यायचंही त्यांनी कबूल केलं. काहींच्या मेंदूत अल्झायमरच्या ठळक खुणा सापडल्या, तरी हयातीत त्यांची बुद्धी शाबूत होती. यावरून मठात स्मृती टिकते असं कुणी सांगितलं तर मानू नका. अभ्यासातल्या सगळ्याच मठवासी होत्या, तुलना कुणाशी करणार?

मठाचं बळ वेगळंच आहे. जेवताना समोर नोव्हिशिएटपासूनची, म्हणजे व्रत घेण्याआधीच्या तयारीच्या काळापासूनची, मैत्रीण असते. चॅपलपर्यंत व्हीलचेअर जाते. अंथरुणाला खिळलेल्या सिस्टरलाही लोकांसाठी प्रार्थना करण्याचं काम असतं, म्हणजे ती कुणाच्या उपकारावर जगत नाही. आणि शेवटच्या रात्री उशाशी बसून माळ म्हणणाऱ्या तिच्याच सिस्टर असतात. माझ्या लेखी याला तोड नाही.

पण सेवा करायची कुणी? नव्या मुली येत नाहीत, सत्तरीतल्या सिस्टर नव्वदीतलीला उठवतात-बसवतात, आणि मोठ्या जुन्या इमारतीचा खर्च चालूच राहतो. पैशाची ओढाताण जुनी आहे: गरिबीचं व्रत घेतलेल्यांच्या संघांना अमेरिकेच्या सोशल सिक्युरिटीत, म्हणजे सरकारी पेन्शन योजनेत, सामील होण्याची मुभा १९७२ मध्ये मिळाली. वृद्ध व्रतस्थांसाठी तिथल्या चर्चमध्ये देशभर वर्गणी १९८८ पासून गोळा होते.

दुसरी वाट मिलवॉकीची. शहराजवळच्या एल्म ग्रोव्हचा मठ सोडून सिस्टर २०२१ मध्ये माउंट मेरी विद्यापीठाच्या आवारातल्या ‘ट्रिनिटी वूड्स’मध्ये गेल्या. तिथं इतर वृद्ध राहतात, शिकणाऱ्या एकल माता मुलांसह राहतात, पाळणाघरही आहे. आयुष्यभर शिकवलेल्या बायकांच्या आसपास पुन्हा मुलं आली. त्याआधी, डिसेंबर २०२० मध्ये, एल्म ग्रोव्हला एका आठवड्यात ८ सिस्टर कोविडनं गेल्या होत्या. सामायिक निवासांनाही कोविडनं सोडलं नाही, त्यामुळे तेवढ्यावरून कौल देणं अन्यायाचं होईल.

धडधाकट सिस्टर पुरेशा असतील, रात्रपाळीला पगारी नर्स परवडत असेल, तर मठ सोडू नये. स्मृतिभ्रंश वाढला असेल तर प्रशिक्षित माणसं असलेलं निवास बरं. तिथं मात्र ठाम अटी घालाव्यात: सगळ्यांच्या खोल्या एकाच मजल्यावर, रोजची मिस्सा (चर्चमधली मुख्य उपासना), आणि मरणासन्न सिस्टरपाशी संघातली एकजण रात्रभर राहू शकेल अशी सोय. एकेकटीला वेगवेगळ्या ठिकाणी पाठवणं मला सर्वांत वाईट वाटतं, मग खोली कितीही छान असो.

खर्चाची जबाबदारी संघाचीच आहे. कॅथलिक चर्चच्या कॅनन कायद्याचं ६७० वं कलम ती त्याच्यावर टाकतं. भाच्या-पुतण्यांनी भेटी द्याव्यात. आणि निर्णय सिस्टर स्वतः चालत जाऊन जागा पाहू शकतात, नापसंती सांगू शकतात, तेव्हाच घ्यावा. पडून हाड मोडल्यावर इस्पितळातून परस्पर हलवलेल्या बाईला कुणी काही विचारत नाही.