झोहर आणि ओमेर : आठ महिन्यांचा अनुभव

सुक्कोथ (शरदातला मांडवांचा सण) संपल्यावर झोहर या ज्यू गूढविद्येच्या ग्रंथाच्या 12 खंडांच्या इंग्रजी भाषांतराचा पहिला खंड इस्रायलमधल्या अश्दोदच्या घरी आणला. आता शाव्वुओथ, म्हणजे पेसाहनंतर सात आठवड्यांनी येणारा सण, होऊन गेला.

पहिले दोन महिने वायाच गेले. कादंबरीसारखं पहिल्या पानापासून वाचत सुटले, ही चूक. झोहर तेराव्या शतकाच्या अखेरीस स्पेनमध्ये लोकांसमोर आला, भाषा अरामी आणि बाज तोरावरच्या, म्हणजे मोशेच्या पाच पुस्तकांवरच्या, भाष्याचा. पूर्ण हिब्रू बायबल शेजारी उघडं नसेल तर सुरुवातीचा तो गीतरत्नातला काट्यांतला गुलाब कुठून आला, काही उमगत नाही. मधे एका वर्गालाही गेले. तिथे शिकवण्यापेक्षा नजर लागू नये म्हणून मनगटाला बांधायचे लाल धागे विकण्यावर भर. तीन आठवड्यांत सोडला, पैसे गेल्याचा राग अजून आहे.

वाट सापडली ती घरच्या सिद्दूरमध्ये, म्हणजे प्रार्थनेच्या पुस्तकात. शुक्रवारच्या मिन्हाआधी (दुपारच्या प्रार्थनेआधी) बाबा भरभर म्हणायचे तो 'पताह एलियाहू' हा उतारा झोहरच्याच परिवारातल्या तिक्कुने झोहर या ग्रंथातला, हे मला चाळिशीत कळलं! त्यात एलियाहू संदेष्टा देवाला म्हणतो, तू एक आहेस, पण मोजणीतला नव्हेस. मग सेफिरोथ, म्हणजे देवाचे दहा गुण, अंगावर मांडतो : हेसेद (दया) उजवा हात, गवुरा (कठोरपणा) डावा, तिफेरेत (सौंदर्य) धड, मलखुत (राज्य) तोंड. आम्ही बेने इस्रायल अलिबागला पोहे, ओला नारळ आणि साखर कालवून मलिद्याचं ताट मांडलं की ज्या एलियाहू हन्नाबीला (संदेष्टा एलियाहूला) आळवायचो, तोच इथे शिकवायला बसलेला. त्या संध्याकाळी मला रडू आवरेना. उतारा पाठ केला.

पेसाह (वल्हांडण) सणाच्या दुसऱ्या रात्रीपासून ओमेर, म्हणजे शाव्वुओथपर्यंत रोज रात्री दिवस मोजण्याचं व्रत, धरला. 49 रात्री, खालच्या सात सेफिरोथ सात आठवड्यांना आणि आठवड्यातल्या सात दिवसांनाही. नवव्या रात्री गवुरेतली गवुरा आली, म्हणजे कठोरपणाचाही कठोरपणा. दुपारीच लेकाला फोनवर तोडून बोलले होते. मोजून झालं, पण खिडकीपासून हलवेना. शेवटी त्याला फोन लावला. "आई, इतक्या रात्री?" म्हणाला. अर्धा तास बोललो.

26वी रात्र चुकली आणि दुसरा दिवसही तसाच गेला. मग मोजायचं, पण बेराखा (मोजण्याआधीचा आशीर्वाद) म्हणायची नाही, असा नियम. फार लागलं मनाला. तरी 33वी, होदमधली होद (होद म्हणजे वैभव), मोजली आणि शेवटपर्यंत गेले.

नव्याने सुरू करणाऱ्याने झोहर विकत घेण्याआधी सिद्दूरमधला हा उतारा अर्थासकट वाचावा. मी आता आधी आठवड्याचा पाराशा (तोराचा त्या आठवड्याचा भाग) वाचते, मग त्यावरची झोहरची चार पानं, शब्बाथच्या (शनिवारच्या) दुपारी. दुसरा खंड मागवला आहे.