काही महिने कॅसलव्हेनिया खेळल्यावर: जुना आहे, अवघड आहे, आणि सुटत नाही

हा रिव्ह्यू कोनामी कंपनीच्या १९८६ च्या पहिल्या कॅसलव्हेनिया या व्हिडिओ गेमचा आहे, नंतरच्या मोठ्या मॅपवाल्यांचा नाही. मी २०१९ मध्ये आलेल्या ॲनिव्हर्सरी कलेक्शनवर, म्हणजे जुन्या कॅसलव्हेनिया गेम्सच्या संचावर खेळतोय, काही महिने झाले, आणि कंटाळा तर सोडाच, आत्ता कुठे तो नीट कळायला लागलाय.

नवीन माणसाला आधी खटकतात ते कंट्रोल्स. सायमनने, म्हणजे आपल्या हिरोने, एकदा जंप मारली की हवेत दिशा बदलता येत नाही, चाबूक बटण दाबल्यावर क्षणभर थांबून लागतो, जिन्यावर उडी मारता येत नाही आणि मार बसला की तो मागे फेकला जातो, मागे खड्डा असेल तर लाइफ गेलीच. बरेच जण याला जुनाट म्हणतात, मला अजिबात पटत नाही. सगळे शत्रू याच मर्यादा धरून ठेवलेत. मेड्युसाची उडती मुंडकी बघा, लाटेसारखी वरखाली होत येतात, दिसली की मग उडी मारू असं म्हणून चालत नाही, ती आपल्यापर्यंत येईल तेव्हा वर असेल की खाली हे आधीच ओळखून पाय उचलायचा. म्हणजे गेम सतत विचारतो की पुढच्या सेकंदाला तू कुठे असणार आहेस.

आता स्टेज १५. डेथ या बॉसच्या आधीचा तो कॉरिडॉर ज्याने खेळलाय त्याला सांगायला नकोच. समोरून चिलखतवाले कुऱ्हाडी फेकतायत, एक वर एक खाली, त्यात मुंडकी येतच राहतात, आणि एनर्जीचे एकूण १६ बार असताना तिथे एका फटक्याला ४ जातात, म्हणजे चार चुका आणि संपलं. शेवटी डेथ, त्याचे कोयते सगळ्या बाजूंनी. जुने खेळाडू सांगतात होली वॉटर, म्हणजे फेकून मारायची बाटली, घेऊन जा, बाटल्या नीट पडत राहिल्या तर तो जागेवरच अडकतो. खरंय, पण मेलात की होली वॉटर जातं, चाबूकही परत साधा होतो. म्हणून ती बाटली न मरता तिथपर्यंत नेणं हाच खरा खेळ, डेथ त्यामानाने सोपा. माझ्या मते गेममधला सगळ्यात सुंदर भाग हाच.

आणि हे पार पडतं तेव्हा सायमनची काही लेव्हल वाढलेली नसते हो. गेम तोच, मुंडकी तीच, बदललेलो असतो आपण. आधी ज्या जागी घाम फुटायचा तिथून आता बोलत बोलत जातो. नवीन गेममध्ये एक्सपी (अनुभवाचे पॉइंट), चांगली तलवार वगैरे मिळते, छान वाटतं, पण मी शिकलो की आकडे वाढले हे कळत नाही. इथे शंकेला जागाच नाही.

कंटिन्यू कितीही मिळतात, फक्त ब्लॉकच्या, म्हणजे तीन स्टेजच्या गटाच्या, सुरुवातीपासून. सेव्ह स्टेट आहे, म्हणजे कुठेही सेव्ह करता येतं, पण बॉसच्या दारात सेव्ह करून खेळलात तर कॉरिडॉर कधीच शिकणार नाही. मी फक्त उठायची वेळ झाली की सेव्ह करतो.

टीव्हीबद्दल मात्र नक्की सांगेन, चित्राचा उशीर कमी करणारं गेम मोड सेटिंग चालू करा. मूळ गेम सेकंदाला ६० फ्रेम्सने चालतो, टीव्हीने चार-पाच फ्रेम उशीर केला तरी चाबूक चुकतो आणि लोक गेमला दोष देतात.

संपवल्यावर तो परत पहिल्या स्टेजला नेतो, जास्त शत्रू घेऊन. स्पीडरनवाले अख्खा गेम बारा मिनिटांच्या आत संपवतात, तेही त्याच जड जंपा मारत, एकदा बघाच, प्रत्येक उडी मेणबत्त्या मोजून मारल्यासारखी वाटते. मी सध्या दुसऱ्या फेरीत ब्लॉक ३ वर आहे. सवडीने शिकायची तयारी असेल तर डोळे झाकून घ्या, एका वीकेंडला संपवून टाकायचा असेल तर दुसरं काहीतरी बघा.